टायर फुटणे ही देवाची करणी?

पुण्याहून सोलापूरकडे जाताना भिगवण मागे पडले की डाळजचे शिवार लागते. डाव्या अंगाला उजनीचे पाणी दूरवर पसरलेले दिसू लागते, रस्ता मोकळा होतो आणि चालकाचा पाय नकळत वेगवर्धकावर अधिक दाबला जातो. पूर्वीचा राष्ट्रीय महामार्ग क्रमांक 9, आताचा 65. चौपदरीकरण झाल्यावर वेळ वाचला हे खरेच. पण ज्या गावांच्या छातीवरून हा रस्ता जातो, त्या गावांना वाहनांचा वेग ही रोजची धास्ती झाली. एकीकडे पुणे, हैदराबादच्या भरधाव मोटारी, दुसरीकडे हंगामात उसाने खच्चून भरलेल्या दोन-दोन ट्रॉल्या ओढणारे ट्रॅक्टर आणि या दोहोंच्या मधून दुचाकीवर दुधाच्या किटल्या अडकवून डेअरीकडे निघालेला शेतकरी. ऑगस्ट 2024 मध्ये याच डाळजच्या हद्दीत तेलंगणातून आलेली एक मोटार टायर फुटून उलटली आणि पाच जण प्राणाला मुकले.

अशी बातमी वृत्तपत्रात दोन दिवस राहते. तिसऱ्या दिवसापासून जे सुरू होते, ते मात्र कोणी छापत नाही. रुग्णालयाच्या बिलापासून पंचनाम्याच्या नकलेपर्यंत, वकिलाच्या फीपासून अपंगत्वाच्या दाखल्यापर्यंत एक दीर्घ प्रवास त्या कुटुंबाच्या नशिबी येतो आणि त्या प्रवासाच्या टोकाला एक कंपनी उभी असते, जिने या दिवसासाठीच हप्ता घेतलेला असतो. मृतांची निदान बातमी तरी होते. जो वाचतो, पण ज्याचा पाय जातो, कण्याला इजा होते किंवा डोक्याला मार लागून ज्याची स्मृती अधू होते, त्याचे पुढे काय झाले, हे गावाबाहेर कोणालाच कळत नाही. केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या अहवालानुसार 2022 या एका वर्षात देशात 4,61,312 अपघात झाले, त्यांत 1,68,491 माणसे मृत्युमुखी पडली आणि 4,43,366 जखमी झाली. म्हणजे प्रत्येक मृतामागे अडीचहून अधिक जखमी. प्रस्तुत लेखाचा विषय मुख्यतः हे जखमीच आहेत.

प्रारंभ टायरपासूनच करू. एखादी मोटार टायर फुटून उलटली, समोर दुसरे वाहनच नाही, तर भरपाई कोणाकडे मागायची? सामान्य माणसाचा समज असा की, दुसऱ्याने धडक दिली तरच विमा मिळतो. आपली गाडी आपणच उलटली तर नशीब म्हणून गप्प बसायचे. विमा कंपन्यांनाही हा समज सोयीचाच असतो. न्यायालयात त्या याला एक भारदस्त नाव देतात – देवाची करणी. इंग्रजी कायद्यातून आलेली ही संकल्पना मुळात भूकंप, महापूर, वीज कोसळणे अशा प्रसंगांसाठी आहे. तिचा विस्तार झिजलेल्या टायरपर्यंत व्हावा, ही कल्पकता मात्र विमा कंपन्यांची.

असाच एक दावा मुंबई उच्च न्यायालयापुढे आला होता. ऑक्टोबर 2010 मध्ये पुण्याहून मुंबईकडे निघालेल्या मोटारीचे मागील चाक फुटले, मोटार खोल खड्ड्यात कोसळली आणि सहकाऱ्याच्या गाडीतून प्रवास करणारा एक तरुण गृहस्थ जागीच गेला. घरातील तोच एकटा कमावता. न्यायाधिकरणाने 2016 मध्ये कुटुंबाला सुमारे सव्वा कोटी रुपयांची भरपाई मंजूर केली. विमा कंपनी सार्वजनिक क्षेत्रातील, न्यू इंडिया अॅश्युरन्स. तिने उच्च न्यायालयात अपील केले आणि म्हटले, टायर फुटणे ही देवाची करणी, चालकाचा हलगर्जीपणा नव्हे. 2023 मध्ये न्यायमूर्ती एस. जी. डिगे यांनी ते अपील फेटाळले. देवाची करणी म्हणजे ज्यास कोणीही मनुष्य जबाबदार नाही अशी अनपेक्षित, प्रचंड नैसर्गिक घटना. टायर फुटतो तो अतिवेगाने, हवा कमी किंवा जास्त भरल्याने, जुना टायर वापरल्याने किंवा तापमानाने, आणि निघण्यापूर्वी टायर तपासणे हे चालकाचे व मालकाचे काम आहे, असा त्या निकालाचा आशय आहे.

आपण देव मानणारी माणसे. संकटात देवाचे नाव घेणे आपल्याला परके नाही. पण हप्त्याची पावती फाडताना देवाचा उल्लेख कोठेही नसतो. भरपाईची वेळ आली की मात्र त्याला एक क्रमांकाचा सामनेवाला करून टाकतात. यात श्रद्धेचा लवलेशही नाही, हा शुद्ध हिशेब आहे. 2010 मध्ये गेलेल्या माणसाच्या घरच्यांना 2023 पर्यंत न्यायालयात थांबावे लागले, हाही त्या हिशेबाचाच भाग. तेरा वर्षांत लहान मुले मोठी होतात, त्यांच्या शिक्षणाचा खर्च त्या वाट पाहण्याच्या काळातच होऊन जातो.

मोटार विम्याची सक्ती आपल्याकडे नवी नाही. 1939च्या मोटार वाहन कायद्यातील तरतूद 1946 पासून अमलात आली. दाव्यांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरणांची तरतूद 1956च्या दुरुस्तीने झाली. पुढे 1988चा कायदा आला. त्यामागील विचार साधा होता. रस्त्यावर वाहन आणणारा माणूस इतरांना धोक्यात घालतो. त्याची ऐपत नसली तरी जखमी वाऱ्यावर सोडला जाऊ नये, म्हणून सर्व वाहनधारकांनी मिळून एक निधी उभा करावा. म्हणूनच त्रयस्थ पक्षाच्या, अर्थात थर्ड पार्टी विम्याचा दर बाजारावर न सोडता शासन ठरवते. 1 जून 2022 पासून लागू झालेल्या दरांनुसार 75 ते 150 सीसीच्या दुचाकीस हा वार्षिक हप्ता 714 रुपये होता, म्हणजे महिन्याला साठ रुपयांच्या आसपास. एवढी रक्कम वाचविण्यासाठी आपल्यातील कितीतरी जण विम्याचे नूतनीकरण करीत नाहीत. देशात रस्त्यावर असलेल्या वाहनांपैकी निम्म्याहून अधिक विनाविमा आहेत, असे संसदेच्या वित्तविषयक स्थायी समितीच्या 2024च्या अहवालात नमूद आहे. यात केवळ ट्रकवाले आणि टमटमवाले नाहीत. सोसायटीच्या आवारात उभी असलेली, मुलगा शिकवणीला घेऊन जातो ती स्कूटरही आहे. त्या स्कूटरने एखाद्या वृद्धाचे मांडीचे हाड मोडले तर भरपाई घराच्या मालकाच्या खिशातून, वेळप्रसंगी घरावर जप्ती आणून वसूल होते, हे मध्यमवर्गीय कुटुंबांनी एकदा नीट समजून घ्यावे.

आणि 'आमचा विमा आहे' एवढ्यावरही निश्चिंत होऊ नये. केवळ कायद्यापुरता घेतलेला थर्ड पार्टी विमा आणि सर्वसमावेशक, ज्याला आपण 'फुल इन्शुरन्स' म्हणतो तो विमा, यांत मोठे अंतर आहे. खासगी दुचाकीवर मागे बसलेली व्यक्ती केवळ थर्ड पार्टी विम्यात येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2006 व 2008च्या निकालांत स्पष्ट केले आहे. मागे बसणारे बहुधा कोण असते? पत्नी, आई, मुलगी. गाडी घसरून मागे बसलेल्या पत्नीच्या डोक्याला मार लागला, तर ज्या विम्याचा कागद खिशात आहे तो तिच्या उपयोगाचा नाही. सर्वसमावेशक विमा असेल तर मात्र मागे बसणारा आणि मोटारीतील सहप्रवासी यांची जबाबदारी कंपनीवर येते. 2012 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तेही सांगितले. वर ज्या मोटारीच्या दाव्याचा उल्लेख केला, त्यात प्रवासी सहकाऱ्याच्या गाडीत बसला होता, स्वतः चालवीत नव्हता, हे ध्यानात घ्यावे. ज्याच्या हातात सुकाणू होते आणि ज्याच्याच चुकीने अपघात झाला, त्याला स्वतःच्या हलगर्जीपणाबद्दल भरपाई मागता येत नाही. गाडीमालक स्वतः चालवीत असेल तर त्याच्यासाठी केवळ व्यक्तिगत अपघात विमा उरतो. 2018च्या अखेरीपासून त्याची किमान रक्कम 15 लाख करण्यात आली. विक्रेता तो घ्या म्हणतो तेव्हा शे-पाचशे वाचविण्यासाठी आपण हुज्जत घालतो.

इंदापूर-बारामतीसारख्या भागात याहूनही गंभीर प्रश्न मालवाहू वाहनांचा आहे. लग्नाचे वऱ्हाड पिकअपमधून नेण्याची रीत येथे रूढ आहे. देवदर्शनाला, बाजाराला, मातीला जायचे झाले तरी शेजारच्या टेम्पोवाल्याला हाक मारली जाते. ऊसतोडीच्या टोळ्या कोप्यांपासून फडापर्यंत ट्रॅक्टरच्या ट्रॉलीतून जातात. मालवाहू वाहनातून प्रवासी म्हणून जाणारा माणूस, भाडे देऊन असो वा फुकट, कायद्याच्या सक्तीच्या विम्यात येत नाही. 1994च्या दुरुस्तीने वाहनातील मालाचा मालक किंवा त्याचा अधिकृत प्रतिनिधी यांना संरक्षण दिले, त्यापलीकडे नाही; 2002च्या आशा राणी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हीच रेषा आखली. ट्रॅक्टरवर तर चालकाखेरीज दुसऱ्या माणसाला बसण्याची जागाच नसते, आणि विमा शेतीकामापुरता असताना तो कारखान्याला भाड्याने ऊस वाहत होता, हा कंपनीचा पुढचा आक्षेप ठरलेला. ट्रॉलीचा स्वतंत्र विमा उतरवायचा असतो, हे तर अनेक ट्रॅक्टरमालकांच्या गावीही नसते. परिणामी, बीड जिल्ह्यातून उचल घेऊन आलेल्या मजुराचा पाय ट्रॉलीखाली गेला की कंपनी मालकाकडे बोट दाखवते, मालक मुकादमाकडे, मुकादम कारखान्याकडे आणि कारखाना म्हणतो, हा आमचा कामगारच नव्हे. काही प्रकरणांत न्यायालयांनी कंपनीने आधी पैसे द्यावेत व नंतर मालकाकडून वसूल करावेत असा आदेश दिला आहे. पण तो प्रत्येक वेळी मिळेलच असे नाही.

परवान्याचा मुद्दाही असाच. हलक्या वाहनाचा परवाना असलेल्या चालकाने 7,500 किलोपेक्षा कमी वजनाचे मालवाहू वाहन चालविले, तर त्यासाठी वेगळी नोंद लागते की नाही? या एका तांत्रिक प्रश्नावर विमा कंपन्यांनी वर्षानुवर्षे दावे अडवून धरले. 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी 'लागत नाही' असे सांगितले. कंपन्या पुन्हा गेल्या. अखेर 6 नोव्हेंबर 2024 रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने एकमताने तोच निर्णय कायम केला. अशा परवानाधारकांमुळे अपघात वाढले असे दाखविणारी आकडेवारी आपल्यापुढे ठेवली गेली नाही, हेही घटनापीठाने नोंदविले. आकडे नव्हते, पण वाद होता. आणि तो वाद चालू होता तोवर दावे अडकून होते.

आता मूळ प्रश्नाकडे. जखमी माणसाचे नुकसान मोजायचे कसे? येथे आपल्या न्यायालयांनी अत्यंत मानवी विचार केला आहे आणि तो सर्वांना ठाऊक असायला हवा. 1995 मध्ये पेस्ट कंट्रोल कंपनीविरुद्धच्या एका खटल्यात, अपघाताने कंबरेखाली पंगू झालेल्या एका वकिलांच्या दाव्यात, सर्वोच्च न्यायालयाने नुकसानीचे दोन भाग केले. एक पैशात मोजता येणारे: उपचार, प्रवास, बुडालेली कमाई. दुसरे पैशात न मोजता येणारे: वेदना, मनस्ताप, जगण्यातला हरवलेला आनंद, घटलेले आयुष्य. या दुसऱ्या भागाचीही भरपाई द्यावी लागते. 2010च्या राजकुमार खटल्यात न्यायालय पुढे गेले. डॉक्टर दाखल्यावर लिहितो ती अपंगत्वाची टक्केवारी म्हणजे कमाईतली घट नव्हे, असे त्यात सांगितले आहे. निकालातील उदाहरण फार बोलके आहे. डावा हात गेला. शारीरिक अपंगत्व समजा साठ टक्के. तो माणूस चालक किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के बुडाली. तोच सरकारी कार्यालयातील लिपिक असेल तर त्याची नोकरी जाणारही नाही. एकच हात, एकच दाखला आणि दोन अगदी निराळी नुकसाने.

हे आकड्यांत पाहू. उदाहरण केवळ समजण्यासाठी. तीस वर्षांचा टेम्पोचालक आहे, महिन्याला 15,000 मिळवतो. वर्षाचे 1,80,000. चाळिशीच्या आतील, स्वतःच्या हिमतीवर कमावणाऱ्या माणसाची भविष्यातील वाढ म्हणून 2017च्या प्रणय सेठी निकालानुसार 40 टक्के मिळवले की 2,52,000 होतात. 2009च्या सरला वर्मा निकालातील कोष्टकाप्रमाणे 26 ते 30 वयोगटास गुणक 17. गुणाकार येतो 42,84,000. आता गुडघ्याखाली पाय गेलेल्या या माणसाच्या दाखल्यावर समजा चाळीस टक्के लिहिले असेल आणि न्यायाधिकरणाने तेच उचलले, तर कमाईची भरपाई 17,13,600. त्याला पुन्हा टेम्पो चालवता येणार नाही आणि दुसरे काम त्याला येत नाही, हे वकिलाने पुराव्याने दाखवले, तर 42,84,000 पर्यंत मागता येतात. फरक साडेपंचवीस लाखांहून अधिक. तो विमा कंपनीच्या दुष्टपणाने पडत नाही, आपल्या बाजूच्या आळसाने पडतो. चालक परवान्याची प्रत जोडलेली नसते, मालकाची साक्ष झालेली नसते, उपचार करणारा डॉक्टर साक्षीला येत नाही आणि दाखला भलत्याच डॉक्टरचा असतो, ज्याने रुग्णाला उपचारकाळात पाहिलेलेही नाही. कंपनीच्या वकिलाला मग उलटतपासणीत फार श्रम पडत नाहीत.

दाखल्यावर 'एका पायाचे' अपंगत्व लिहिले आहे की 'संपूर्ण शरीराचे', हेही पाहून घ्यावे. पायाचे साठ टक्के म्हणजे देहाचे साठ टक्के नव्हेत.

गंभीर जखमीच्या बाबतीत आणखी एक खर्च असतो, जो आपल्याकडे कोणी खर्च मानत नाही: शुश्रूषा. आई रात्रंदिवस बसून राहते, बायको मजुरी सोडते, बहिणीचे शिक्षण थांबते. 'घरचेच तर करतात' म्हणून त्याचे मोल शून्य. हरियाणातील एका बारा वर्षांच्या मुलीला 2007 मध्ये ट्रॅक्टरच्या धडकेने मेंदूला इजा झाली आणि ती जन्मभरासाठी परावलंबी झाली. न्यायाधिकरणाने अकरा लाखांच्या आसपास दिले, उच्च न्यायालयाने ते सुमारे पावणेसव्वीस लाखांपर्यंत नेले आणि 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने 62,27,000 रुपये मंजूर केले. तिला आयुष्यभर दोन मदतनीस लागतील, असे धरून न्यायालयाने शुश्रूषेचाही गुणकाने हिशेब केला. बारामतीच्या न्यायाधिकरणापुढे उभ्या राहणाऱ्या प्रत्येक वकिलाने हा निकाल दप्तरात ठेवावा. गृहिणी स्वतः जखमी झाली तर तिच्या श्रमांचेही मोल धरावे लागते, हेही सर्वोच्च न्यायालयाने 2001 पासून वारंवार सांगितले आहे. तरी अर्जात 'काही करत नाही, घरीच असते' असे लिहून देणारे नवरे आहेतच.

विमा कंपन्यांची बाजू अगदीच नाही, असे म्हणणे अप्रामाणिकपणाचे होईल. खोटे दावे होतात. दुचाकीवरून स्वतः पडलेल्या माणसाच्या फिर्यादीत ओळखीतल्या एखाद्या विमाधारक वाहनाचा क्रमांक घातला जातो. उत्तर प्रदेशात अशा बनावट दाव्यांची विशेष पथकामार्फत चौकशी झाली आणि त्यात वकीलही सापडले. 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तेथील वकील परिषदेला यावरून खडे बोल सुनावले. आपल्याकडे हे घडतच नाही असे छातीठोकपणे कोण म्हणेल? असा प्रत्येक खोटा दावा पुढच्या खऱ्या जखमीच्या वाटेत उभा राहतो, कारण कंपनीचा अधिकारी त्यानंतर प्रत्येक फिर्यादीकडे संशयानेच पाहतो. फिर्याद दाखल होण्यास दोन दिवस उशीर झाला एवढ्यावर दावा संशयास्पद ठरतो. वस्तुतः त्या दोन दिवसांत नातेवाईक रक्ताच्या पिशव्या शोधत फिरत असतात.

परंतु चोर सापडतात म्हणून बाजारच बंद करावा, हा न्याय नव्हे. 2016च्या मोटार वाहन दुरुस्ती विधेयकात कंपनीची जबाबदारी मृत्यूबाबत 10 लाख आणि गंभीर दुखापतीबाबत 5 लाख रुपयांवर बांधून टाकण्याचा प्रस्ताव होता. तो टिकला असता तर वरील टेम्पोचालकाला कंपनीकडून पाच लाख मिळून उरलेल्यासाठी मालकाच्या दारात बसावे लागले असते. 2019च्या विधेयकातून ती मर्यादा वगळली गेली, हे योग्यच झाले. मात्र संमत झालेल्या कायद्याच्या कलम 147 मध्ये हप्ता आणि त्या हप्त्यापुरते कंपनीचे दायित्व केंद्र शासनाने विहित करावे, असे शब्द आहेत. दार बंद केले, पण कडी घातलेली नाही. शासन कोणत्याही पक्षाचे असो, या कलमाखाली निघणाऱ्या अधिसूचनांवर लक्ष ठेवावे लागेल.

त्याच दुरुस्तीतील, 1 एप्रिल 2022 पासून अमलात आलेले इतर बदल संमिश्र आहेत. चूक कोणाची हे सिद्ध न करता मृत्यूबद्दल 5 लाख आणि गंभीर दुखापतीबद्दल अडीच लाख मिळण्याची सोय झाली. धडक देऊन पळून गेलेल्या वाहनाच्या बाबतीत पूर्वी मृत्यूस 25,000 आणि गंभीर जखमीस 12,500 मिळत. ते 2 लाख आणि 50,000 झाले. पोलिसांनी अपघाताचा पहिला अहवाल 48 तासांत आणि सविस्तर अहवाल 90 दिवसांत न्यायाधिकरणाकडे पाठवायचा, कंपनीने नियुक्त अधिकाऱ्यामार्फत तडजोडीचा प्रस्ताव द्यायचा, अशी नवी कार्यपद्धती आली. ती नीट राबविली तर दावेदाराला वकिलाच्या दारीही जावे लागू नये. 5 मे 2025 पासून अपघातग्रस्ताला नियुक्त रुग्णालयात सात दिवस, दीड लाख रुपयांपर्यंत रोकडविरहित उपचारांची योजनाही आली आहे. भिगवण किंवा इंदापूरच्या परिसरात काम करणाऱ्या कार्यकर्त्यांनी जवळचे नियुक्त रुग्णालय कोणते, एवढे जरी आधी शोधून ठेवले तरी प्रत्यक्ष प्रसंगी धावपळ वाचेल. जखमीला रुग्णालयात नेणाऱ्याला पोलिसांचा वा न्यायालयाचा त्रास होऊ नये, म्हणून कलम 134-अ आहे; ती भीती आता निराधार आहे. उलटपक्षी, जुन्या कलम 140 खाली जी थोडी रक्कम दावा चालू असताना लगेच हाती पडे, ते प्रकरणच कायद्यातून वगळले गेले. पंचवीस हजार ही रक्कम लहान खरी, पण औषधाच्या दुकानाची उधारी त्यातून फिटत असे.

आपल्या राज्य शासनालाही विमा कंपन्यांचा अनुभव आला आहे. गोपीनाथ मुंडे यांच्या नावाची शेतकरी अपघात विमा योजना कंपन्यांमार्फत चालविली जाई. दावे नाकारले जाण्याच्या, रखडण्याच्या तक्रारी इतक्या वाढल्या की, 2023 मध्ये शासनाने कंपनीला मधून काढून थेट सानुग्रह अनुदान देण्याची पद्धत स्वीकारली. मृत्यूस 2 लाख, एक अवयव वा डोळा गेल्यास 1 लाख. शासनासारखा ग्राहक जेथे थकला, तेथे डाळजच्या शेतकऱ्याने काय करावे? हे अनुदान मोटार अपघाताच्या दाव्याहून वेगळे आहे. शेतकरी कुटुंबाने दोन्हींसाठी अर्ज करावा. तालुका कृषी अधिकाऱ्याच्या कार्यालयात चौकशी करण्यास कोणाची आडकाठी नाही.

या सर्व बदलांत सर्वाधिक घातक ठरू शकेल अशी तरतूद मुदतीची. 1988च्या मूळ कायद्यात दाव्यासाठी सहा महिन्यांची मुदत होती. अपघातग्रस्त कुटुंबावर अन्याय होतो, हे ध्यानी आल्यावर 1994 मध्ये ती पूर्णतः काढून टाकण्यात आली. अठ्ठावीस वर्षांनी, 1 एप्रिल 2022 पासून, ती पुन्हा आली. पायात सळई घातलेल्या माणसाची दुसरी शस्त्रक्रियाही कित्येकदा सहा महिन्यांत होत नाही; डोक्याला मार लागलेल्याला तर आपल्याला काय झाले हेही तोवर उमगलेले नसते. या तरतुदीच्या घटनात्मक वैधतेला सर्वोच्च न्यायालयात आव्हान देण्यात आले आणि केवळ मुदत उलटली म्हणून दावे फेटाळू नयेत, असा अंतरिम आदेश न्यायालयाने नोव्हेंबर 2025 मध्ये दिला. अंतरिम आदेश हा अखेर अंतरिमच असतो; त्याच्या भरवशावर कोणी राहू नये. अर्ज सहा महिन्यांच्या आत दाखल करावा. अपघात डाळजला झाला आणि जखमी लातूरचा असला, तर त्याला आपल्या जिल्ह्यातील न्यायाधिकरणातही दावा लावता येतो, त्यासाठी बारामतीला खेटे घालण्याची गरज नाही. प्रथम खबर, पंचनामा, विम्याचा कागद, रुग्णालयाची कागदपत्रे एवढे असले की अर्ज उभा राहतो. अपंगत्वाचा दाखला उपचार संपल्यावर, उपचार करणाऱ्या डॉक्टरकडून घेऊन मागाहून जोडता येतो.